पुरेशी संधी

शेअर रिक्षा पार्क चौकात सिग्नलला थांबली तेव्हा शेजारच्या म्हातारीनं चैतालीच्या गुडघ्यावर दोन बोटं टेकवली आणि विचारलं, "बाई, ते जातीचं हाफिस कुटं हाय?" चैतालीला आधीच उशीर झालेला. आज पाण्याचा दिवस. चार दिवसांनी नळ यायचा आणि यायचा तोही नेमका ऑफिसच्या वेळेला. पिंप, घागरी, शेवटी पातेलीसुद्धा भरून घेईपर्यंत साडेनऊ होऊन गेले आणि ती ओल्या बाह्यांनीच बाहेर पडली. मार्चच्या उन्हात बाह्या केव्हाच वाळल्या. "कुठलं जातीचं?" तिनं उगाच विचारलं. त्या रिक्षात ते ऑफिस तिच्याइतकं कुणाला ठाऊक असणार होतं! सहा वर्षं ती जात पडताळणीच्या कार्यालयात जावक टेबलाला बसत होती. तिथून बाहेर पडणारं प्रत्येक पत्र तिच्या नोंदवहीत चढून, तिच्या हातचा नंबर घेऊन बाहेर पडायचं. "दाखला खरा का खोटा बगत्यात की, ते," म्हातारी म्हणाली. "मी माड्याच्या अंगानं आलीया. बजाबाई म्हनत्यात मला. नातवाचं काम हाय. मल्हारचं." जिल्ह्यात मल्हार ढीगभर असतील, बजाबाईही असतील. पण ही दोन नावं एकाच कागदावर चैतालीनं एकदाच वाचली होती, आणि तो कागद तिच्या टेबलाच्या सगळ्यात खालच्या खणात, तळाला अंथरलेल्या वर्तमानपत्राच्या खाली होता.

खाकी पाकीट. त्यावर तिच्याच अक्षरातला पत्ता आणि कोपऱ्यात जावक क्रमांक अकराशे सत्तेचाळीस, दिनांक अठ्ठावीस ऑगस्ट. तिकीट नाही, पोस्टाचा शिक्का नाही. मागच्या वर्षी ऑगस्ट संपता संपता प्रलंबित प्रकरणांचा आकडा खाली दाखवायचा होता, तेव्हा अधीक्षक शिवराज सर तिच्या टेबलापाशी येऊन म्हणाले होते, "मॅडम, नंबर पाडून ठेवा. पत्रं काय, सह्या झाल्या की जातीलच." यात नवीन काही नव्हतं. नंबर आधी आणि पत्र मागून ही त्या ऑफिसची रीतच होती. तिच्या आधीच्या बाईंनी टेबल ताब्यात देताना ज्या दोनचार गोष्टी शिकवल्या त्यांत ही पहिली. त्या दिवशी तिनं बावीस नंबर पाडले. एकवीस पत्रं गेली. बाविसाव्याची प्रत राहिली, कारण झेरॉक्सचं मशीन बंद होतं. मग प्रत निघाली, पाकीट भरलं, पत्ता घातला, आणि तेवढ्यात शाळेतून फोन आला की धम्मप्रिया तापानं फणफणलीय. पाकीट खालच्या खणात टाकून ती पळाली. लेकीला डेंगी निघाला. दहा दिवस चैताली दवाखान्यात तिच्या उशाशी बसून होती, प्लेटलेटचे आकडे सोडून तिला जगात दुसरा आकडा नव्हता. परत कामावर आली तेव्हा नोंदवहीत ते पत्र केव्हाच गेलेलं होतं.

आणि मल्हार आला होता. हे आठवलं की तिला बसल्या जागी उठून कुठंतरी निघून जावंसं वाटे. सप्टेंबरात एकदा तो खिडकीशी उभा राहिला. पाटबंधारे खात्यातला कारकून, इस्त्रीचा शर्ट, हातात प्लॅस्टिकची फाईल. भटक्यांतल्या त्याच्या जमातीच्या कोट्यातून नोकरी लागलेली, दाखला पडताळून यायचा बाकी. "मॅडम, घरी चौकशी होऊन दोन महिने झाले. पुढचं काही पत्र?" तिनं नोंदवही ओढली, बोट फिरवलं, नंबर सापडला. "गेलंय की तुमचं. अठ्ठावीस तारखेलाच. टपालाला उशीर होतो, येईल." तो "थँक्यू मॅडम" म्हणाला आणि गेला. खण तिच्या गुडघ्याला लागून होता. तो उघडून बघावा असं तिच्या मनातसुद्धा आलं नाही, कारण नोंदवहीत लिहिलेलं होतं, आणि लिहिलेल्यावर भरवसा ठेवणं याचाच तर तिला पगार होता. त्या पाकिटात दोन कागद होते. एक दक्षता पथकाच्या गृहचौकशीचा अहवाल, ज्यावर मल्हारनं पंधरा दिवसांत आपलं म्हणणं मांडायचं होतं. दुसरी सुनावणीची नोटीस. नोव्हेंबरात निकाल झाला. 'पुरेशी संधी देऊनही अर्जदाराने म्हणणे सादर केले नाही व सुनावणीस गैरहजर राहिले. सबब दावा अवैध.' डिसेंबरात मल्हारची नोकरी गेली. निकालाचं पत्र मात्र अगदी बिनचूक गेलं, रजिस्टर्ड, पावतीसकट, तिच्याच हातानं. डिसेंबरातच एकदा स्टेपलरच्या पिना शोधताना तिला ते पाकीट सापडलं. तिनं ते फोडलं, उभ्या उभ्या वाचलं, दोन कागद पुन्हा आत घातले. मग खणातलं वर्तमानपत्र उचललं, पाकीट खाली सरकवलं आणि वर्तमानपत्र नीट केलं. तीन महिने झाले. कुणालाही, नवऱ्यालाही, तिनं सांगितलं नव्हतं.

आणि आजच तिची सही व्हायची होती. मल्हार उच्च न्यायालयात गेला होता. अहवालाची प्रत आपल्याला मिळालीच नाही एवढंच त्याचं म्हणणं होतं, आणि कोर्टानं कार्यालयाला तेवढंच विचारलं होतं. काल संध्याकाळी शिवराज सरांनी टाईप केलेला खुलासा तिच्या टेबलावर ठेवला. 'सदर प्रत जावक क्र. ११४७ अन्वये अर्जदारास रवाना केली आहे.' खाली तिचं नाव, तिचं पद, सहीला जागा. उद्या पहाटे शिपाई तो घेऊन सरकारी वकिलांकडे निघणार. सही झाली की मल्हारचा दावा गेला, कायमचा. नाही झाली तर चैतालीचं काय होईल हे तिचं रात्रभर पंख्याकडे बघत हिशेबानं नाही पण भीतीनं पुरेपूर मोजून झालं होतं. सकाळी पाणी भरताना तिनं ठरवलं होतं की सही करायची. ठरवल्यावर बरंही वाटलं होतं.

"तुमचं काय काम आहे तिथं, आजी?" तिनं विचारलं. विचारायला नको होतं. "मला सायबाला सांगायचंय," बजाबाई म्हणाली, "की मी लबाड बोलले." रिक्षावाल्यानं आरशातून मागं बघितलं. म्हातारीला त्याचं काही नव्हतं. "पावसुळ्यात दोगं आले बग सायेब. मी वाकळ आतरली, तर त्यो म्हनला, खुर्ची न्हाय का? शेजारनं आनली. च्या केला, तर हातबी लावंना. मंग इचाराया लागला. देवाला काय करता, मेलं मानूस जाळता का पुरता, तुमच्यात पंच बसत्यात का. मला वाटलं, हे समदं खरं सांगितलं तर पोराची अब्रू जाईल की. येवडं शिकल्यालं पोर! मी म्हनलं, आमी कापत न्हाय, निवद पुरनाचा आसतो. मेल्यालं जाळतो. पंच-बिंच कायबी न्हाय." तिनं तळहात तोंडावर मारून घेतला. "पंच म्हनलं की आता पोलीस धरत्यात म्हनत्यात न्हवं? आन त्येंला तर तेच पायजे हुतं."

चैतालीला ती उत्तरं अनुक्रमांकासकट पाठ होती. कुलदैवत व नैवेद्य: पुरणपोळी. मयत विधी: दहन. जातपंचायत: नाही. आणि खाली पथकाचा शेरा, की माहितीदाराने कथन केलेल्या चालीरीती दावा केलेल्या जमातीशी विसंगत आहेत. शेऱ्याखाली निळ्या शाईतला अंगठा. तोच अंगठा आता तिच्या शेजारी पिशवीच्या बंदाला घट्ट धरून बसला होता. म्हातारीचा राग यावा असं काही त्यात नव्हतं. जन्मभर पँट-शर्टातला माणूस दारात आला तो तिला पकडायलाच आला. गावात चोरी झाली की हेच प्रश्न, पोलीस पाटलाच्या ओट्यावर. ज्या उत्तरानं आपण जरा स्वच्छ दिसू ते उत्तर बरोबर, एवढं ती साठ-सत्तर वर्षांत शिकली होती. ज्याची लाज वाटायला लावली, नेमकं तेच सरकार आता पुरावा म्हणून मागतंय, हे तिला कोण सांगणार होतं? सांगायला एक कागद निघाला होता. तो वाचला असता तर मल्हार कपाळाला हात लावून हसला असता, आजीला घेऊन धावत आला असता, पुरलेल्या आज्याची जागा दाखवली असती, दोन म्हातारे साक्षीला उभे केले असते. "मल्हार काय म्हणतो?" तिनं विचारलं. "काय म्हनंल! बोलंना माज्याशी. निकालात लिवलंय म्हनं, आजीनं आसं आसं सांगितलं. कारखान्यावर उसाच्या वजनकाट्याला जातोय रोजानं. घरी आला की ताट वाढल्यालं खातो आन भिंतीकडं तोंड करून पडतो. दीड वरसाचा हुता तवापासनं मी सांबाळलाय त्याला. तीन म्हैनं झालं, आजी म्हनून हाक न्हाय." हे ती रडत सांगत नव्हती. रडून झालेलं असावं.

सात रस्त्याला दोघी उतरल्या. "माझ्यामागून या, मी तिकडंच चाललेय," एवढंच चैताली म्हणाली; तिथंच काम करते हे काही तोंडातून निघेना. दहा मिनिटांचा रस्ता, आणि म्हातारीच्या चालीनं तो संपेना. चालता चालता चैतालीला तिचे बाबा दिसायला लागले. ईश्वर, एस.टी.च्या वर्कशॉपातले मेकॅनिक, नखांतलं ग्रीस कधी न निघणारे. ती वीस वर्षांची होती तेव्हा अशाच एका पाकिटातून तिच्याही दाव्यावरचा अहवाल घरी आला होता. वेळापूरच्या शाळेच्या जुन्या रजिस्टरात आजोबांचं नुसतं नाव आणि त्यापुढं जात होती, आडनाव नव्हतं. वर्गाबाहेर बसवलेल्या पोराचं आडनाव लिहायची मास्तरला गरज वाटली नव्हती, जात मात्र त्यानं ठळक अक्षरात लिहिली होती. हा इसम अर्जदाराचा आजोबाच कशावरून, असं अहवालात होतं. बाबांनी तो कागद आंघोळ करून, पांढरा शर्ट घालून तीनदा वाचला. मग म्हणाले, "पंधरा दिवस दिलेत. पंधरा दिवस लई झाले." रजा टाकून वेळापूरला गेले, आजोबांबरोबर वर्गाबाहेरच्या त्याच पायरीवर बसलेला एक म्हातारा शोधून काढला, त्याला तहसीलला नेऊन शपथपत्र केलं, चौदाव्या दिवशी इथं आणून दिलं. येताना तिच्यासाठी चष्म्याची नवी केस आणली होती, का कोण जाणे. पाकीट आलं नसतं तर? ती केस अजून तिच्या पर्समध्ये होती. बाबा जाऊन चार वर्षं झाली आणि तरी आत्ता, भर उन्हात, तिला वाटलं की ते समोरून येतील, म्हातारीच्या हातातली पिशवी घेतील आणि आपल्याकडे बघणारसुद्धा नाहीत.

ऑफिसात तिनं बजाबाईला बाकावर बसवलं आणि आपल्या टेबलामागं जाऊन बसली. म्हातारीनं तिला तिथं बसताना बघितलं, चकित झाली, मग ओळखीचं माणूस आत निघालं म्हणून तिचा चेहरा जरासा उजळला. तो उजेड चैतालीला सोसवेना. तोवर शिवराज सर आले. ते वाईट माणूस नव्हते; रिटायरमेंटला चौदा महिने उरलेले, पित्ताचा त्रास, कुणाच्या लग्नाला स्वतः जाऊन उभे राहणारे. "मॅडम, तेवढी सही," ते म्हणाले. "पोस्टाची पावती, सर?" "गहाळ. मागं कपाटं हलवली तेव्हा गहाळ झाली असं लिहू. रजिस्टर आहे ना? बास." बजाबाई उठून पुढं आली. "सायेब, मी मल्हारची आजी. मी खरं सांगाया आलीया." शिवराज सरांनी चष्मा कपाळावर सरकवला, आणि आवाज चढवला नाही. "आजी, खरं सांगायची तारीख होती. ती गेली. तुम्हाला पत्र पाठवलं होतं." "कागद न्हाय आला, सायेब. आला आसता तर पोरगं पळत आलं आसतं." "अहो, पाठवलंय. मॅडम, दाखवा त्यांना रजिस्टर."

चैतालीनं नोंदवही उघडली. हात सवयीनं नेमक्या पानावर गेले. तिनं वही फिरवून म्हातारीसमोर धरली, जिला अक्षरओळख नव्हती. बजाबाई वाकली, त्या ओळीवर बोट ठेवून तिनं विचारलं, "हितं लिवलंय?" चैतालीला "हो" म्हणावं लागलं, लिहिलं तर होतंच. म्हातारी बराच वेळ त्या ओळीकडं बघत राहिली. मग ताठ झाली आणि हळू आवाजात, कुणाला तरी पटवून दिल्यासारखं म्हणाली, "मंग माज्याच घरातनं गेला आसंल. पोरगं कामाला, दारात मीच. पोष्टमननं दिला आसंल. मला काय वाचाया येतंय, कुटं तरी ठिवला आसंल, चुलीत बी घातला आसंल." तिचा चेहरा बघता बघता उतरला. "आदी लबाड बोलले आन मंग कागद जाळला. दोन्ही मीच." शिवराज सर खिडकीबाहेर बघू लागले. चैतालीला वाटलं, ही बाई आता घरी जाईल, आणि आज रात्री मल्हारला हेही सांगेल.

तिनं खण ओढला. वर्तमानपत्र उचललं. पाकीट टेबलावर ठेवलं आणि म्हणाली, "आजी, तुम्ही नाही हरवला. हा तुमचा कागद. इथंच होता, माझ्याकडं." बजाबाईला आधी आनंदच झाला. "सापडला व्हय!" म्हणून तिनं पाकीट दोन्ही हातांनी घेतलं, उलटसुलट केलं. मग हळूहळू ते तिच्या आत उतरलं. "हितंच हुता?" "हो." "पोरगं इचाराया आलं हुतं म्हनं हितं." "आला होता." "तवाबी हितंच?" "हो," चैताली म्हणाली. तिला वाटलं होतं म्हातारी शिव्या देईल, निदान तळतळाट. बजाबाई फक्त बघत राहिली, आणि माफीचा किंवा रागाचा काही मागमूस त्या बघण्यात नव्हता. तसं बघणं चैतालीनं जन्मात कुणाकडून सोसलं नव्हतं.

तिनं पोचवही काढली. अकराशे सत्तेचाळीस, अर्जदाराच्या आजीस समक्ष दिले. पुढं तारीख घातली, आजची. शिवराज सर एकदम पुढं झाले. "मॅडम, काय करताय? ती तारीख—" "आजचीच आहे, सर. आजच दिलं ना." "तुम्हाला लेक आहे. घरी जाऊन विचार करा, पाचपर्यंत वेळ आहे." ते खरंच काळजीनं म्हणत होते, आणि त्यांच्या स्वतःच्या चौदा महिन्यांचीही काळजी त्यात होती. "मला पुरेसा वेळ मिळाला, सर," ती म्हणाली, आणि शाईचा पॅड म्हातारीपुढं सरकवला. बजाबाईनं अंगठा पुढं केला, टेकवायच्या आधी थांबली. "ह्या खेपंला काय लिवलंय गं वर?" "कागद आज मिळाला, एवढंच." तिनं अंगठा दाबला. अहवालाखाली होता तसाच, जरा तिरका. मग पदराला शाई पुसली. चैतालीनं टाईप केलेला खुलासा पालथा घातला आणि मागच्या कोऱ्या बाजूला स्वतःच्या अक्षरात लिहून काढलं: नंबर कधी पाडला, पाकीट कुठं राहिलं, मल्हार कधी आला आणि तिनं त्याला काय सांगितलं, डिसेंबरात काय सापडलं आणि तिनं ते कुठं ठेवलं. दहाबारा ओळींत सगळं बसलं. खाली सही केली. शिवराज सरांनी तो कागद घेतला नाही. तिनं तो त्यांच्या टेबलावर ठेवला, वर पेपरवेट.

"हे त्याला तू सांग," बजाबाई म्हणाली. "माजं त्यो ऐकत न्हाय." तिनं पिशवीतून चार घड्यांचा कागद काढला, त्यावर मल्हारचा नंबर होता. चैतालीनं लावला. पलीकडं ट्रकांची घरघर, कुणीतरी ओरडत होतं. "कोण?" ती नाव सांगून म्हणाली, "पडताळणी ऑफिसातून. जावक टेबल. तुम्ही सप्टेंबरात आला होता." मग तिनं सगळं सांगितलं, न थांबता, कारण थांबली असती तर पुढं जाता आलं नसतं. तुमच्या आजींची चूक नव्हती, हे दोनदा सांगितलं. निकाल परत फिरेल का, नोकरी मिळेल का, यातलं तिला काहीच सांगता येणार नव्हतं. त्यानं विचारलंही नाही. "मल्हार?" ती म्हणाली. "आजी इथंच आहेत. एकट्याच आल्यात." तो म्हणाला, "मी येतो," आणि फोन बंद झाला.

"येतोय म्हणाला," चैतालीनं सांगितलं. म्हातारीनं पाकीट छातीशी धरलं होतं. "माज्यासाटी," तिनं विचारलं, "का कागदासाटी?" त्यानं ते सांगितलं नव्हतं. चैतालीनं बाक पंख्याखाली ओढला, आणि दोघी त्यावर शेजारी शेजारी बसून वाट बघू लागल्या.